गर्दी सोडून दर्दी: पुण्यात बसून बॅटलटेकचे भिडू शोधण्याचं एक प्रकरण

प्रकरण माझंच आहे, त्यामुळे तटस्थतेचा आव आणत नाही. राहणार पुणे, वय चाळिशीच्या पुढे, नोकरी संगणकासमोरची. २०१८ साली 'बॅटलटेक' नावाचा संगणकीय खेळ आला. तो खेळता खेळता कळलं की याचं मूळ टेबलावर आहे: षटकोनी घरांचा नकाशा, त्यावर उभी छोटी छोटी यंत्रं, दोन फासे आणि प्रत्येक यंत्रासाठी एक छापील तक्ता. मग परदेशातून येणाऱ्या एका नातेवाइकाच्या बॅगेतून 'अ गेम ऑफ आर्मर्ड कॉम्बॅट' हा संच आणवला. खोक्यात आठ प्लॅस्टिकची यंत्रं. शेजारच्या काकूंनी ती हातात घेऊन उलटीसुलटी पाहिली आणि विचारलं, "दिवाळीच्या किल्ल्यावर ठेवणार का रे ही?"

काकूंचा प्रश्न चुकीचा नव्हता. किल्ल्यावर मावळे मांडलेल्या माणसाला लहान आकाराच्या सैन्याचं वेड वेगळं समजावून सांगावं लागत नाही. फरक इतकाच की मातीचे मावळे एकदा मांडले की मांडले. या यंत्रांना समोर कोणीतरी लागतं, आणि तो कोणीतरी तीन-चार तास फासे टाकत, पेन्सिलीने गोल काळे करत बसायला तयार असावा लागतो. असा माणूस मला माहितीत एकही नव्हता. तो इंटरनेटवर शोधायला मला जवळपास आठ महिने लागले, आणि त्यातले पहिले पाच मी चुकीच्या दारात उभा होतो.

खेळ नेमका किती किचकट

भिडू का लागतो हे कळायला खेळ थोडा उलगडावा लागेल. बॅटलटेकमधली एक फेरी म्हणजे दहा सेकंदांची लढाई. एक षटकोन म्हणजे ३० मीटर. या दहा सेकंदांत आधी पुढाकाराचा फासा, मग हालचाल, मग गोळीबार, मग लाथाबुक्क्या (हो, ऐंशी टनांचं यंत्र लाथ मारतं), मग उष्णतेचा हिशेब, मग फेरीचा शेवट. चार विरुद्ध चार यंत्रं घेतली तर नवख्या माणसांची एक लढाई अख्खी दुपार खाते.

एक साधा नेम बघा. माझा चालक सरासरी दर्जाचा, म्हणून त्याचा नेमबाजीचा आकडा ४. मी या फेरीत पळालो, अधिक २. समोरचा पाच-सहा घरं सरकला, अधिक २. तो विरळ झाडीत उभा, अधिक १. अंतर मध्यम, अधिक २. एकूण ११. दोन फाशांची बेरीज ११ किंवा १२ आली तरच लागलं. म्हणजे छत्तीसातून तीनदा, बारात एकदा. लागलं तर कुठे लागलं याचा पुन्हा फासा. छाती, हात, पाय, डोकं. प्रत्येक भागाचं चिलखत वेगळं, त्यामागचा सांगाडा वेगळा, आणि सांगाड्याला धक्का बसला की आतलं काय मोडलं याचा आणखी एक फासा.

त्यावर उष्णता. माझ्या खोक्यातलं 'ऑसम' हे ८० टनी यंत्र घ्या. त्याच्याकडे तीन मोठ्या तोफा, प्रत्येक तोफ डागली की १० उष्णता. यंत्राची उष्णता फेकण्याची ताकद २८. उभ्या जागी तिन्ही डागल्या तर दोन अंश अंगात राहतात. चालत डागल्या तर तीन. दोन फेऱ्या असं केलं की सहा अंश साठतात आणि पाचपासूनच यंत्राचा वेग घटतो. म्हणून जाणती माणसं तीन, तीन, दोन असा ठेका धरतात. हा ठेका मला पुस्तिकेतून कळला नाही. तो मला एका माणसाने सांगितला, आणि हेच या प्रकरणाचं मर्म आहे. नियम पुस्तकात असतात, पण खेळ माणसांकडे असतो.

शिवाय शंका. तोफेची नजररेषा दोन षटकोनांच्या बरोबर सीमेवरून गेली, एका बाजूला झाडी आणि दुसऱ्या बाजूला मोकळं रान, तर झाडी धरायची की नाही? नियम आहे: ज्याच्यावर नेम धरलाय तो ठरवतो. पण हे मला माहीत नव्हतं तेव्हा मी एकटाच दोन्ही बाजू खेळत होतो आणि दोन्ही बाजूंनी स्वतःशी भांडत होतो.

पत्ते सारखे का बदलले

शोध सुरू केला तेव्हा पहिला धक्का हा की जिकडे जावं तिकडे कबरी. शेवटची नोंद दहा वर्षांपूर्वीची, चित्रं उडालेली, दुवे मेलेले. मला वाटलं खेळ संपला. खेळ संपलेला नव्हता. त्याने घरं बदलली होती आणि जुन्या घरांवर कोणी पाटी लावली नव्हती.

याचं कारण खेळाच्या इतिहासात आहे. शिकागोच्या 'फासा' या कंपनीने १९८४ मध्ये हा खेळ 'बॅटलड्रॉइड्स' नावाने काढला. 'ड्रॉइड' या शब्दावर लुकासफिल्मचा हक्क निघाला, म्हणून पुढच्या आवृत्तीपासून नाव बॅटलटेक झालं. २००१ मध्ये फासाने दुकान आवरलं. हक्क विझकिड्सकडे गेले आणि त्यांनी २००२ मध्ये फिरत्या तबकडीवरच्या यंत्रांचा एक वेगळाच, सोपा खेळ काढला. मूळ खेळ फॅनप्रो या कंपनीने परवान्यावर 'क्लासिक बॅटलटेक' म्हणून चालू ठेवला. २००७ पासून तो कॅटलिस्ट गेम लॅब्सकडे आहे. प्रत्येक हस्तांतरात अधिकृत गप्पांची जागा हलली, आणि दर वेळी काही माणसं मागच्याच ओट्यावर बसून राहिली.

प्रकाशकांचं हे, तर इंटरनेटचं दुसरंच. सैन्याचे खेळ खेळणाऱ्यांची एक अख्खी पिढी याहू ग्रुप्सवर होती. २०१९-२० च्या सुमारास तिथला जुना मजकूर पुसला गेला आणि डिसेंबर २०२० मध्ये ती सेवाच बंद पडली. एप्रिल २०१९ मध्ये गुगल प्लस गेलं. तिथेही छंदी लोकांचे बरेच कोपरे होते. उरलेला मोठा जमाव डिस्कॉर्ड या गप्पांच्या खोल्या असलेल्या अ‍ॅपवर गेला, आणि डिस्कॉर्डच्या आतलं बोलणं गुगलच्या शोधात येत नाही. म्हणजे परिस्थिती अशी: जे मेलंय ते शोधात वर दिसतं आणि जे जिवंत आहे ते दिसतच नाही. माझ्यासारखा नवखा पहिल्या पानावरचे निकाल बघून 'संपलं बहुतेक' म्हणतो आणि टॅब बंद करतो.

नावांचा घोळ आणखी वेगळा. या खेळात 'वॉरहॅमर' नावाचं एक ७० टनी यंत्र आहे. त्याच्याबद्दल शोधलं की त्याच नावाच्या ब्रिटिश खेळाचा समुद्र समोर येतो. दोन संध्याकाळी त्यात गेल्या. नुसतं 'बॅटलटेक' म्हटलं तर संगणकीय खेळ, कादंबऱ्या आणि खेळणी यांची सरमिसळ. पुढे कळलं की टेबलावर मूळ नियमांनी खेळणारे लोक अजूनही 'क्लासिक' म्हणतात. 'अल्फा स्ट्राइक' ही टेपपट्टीने इंच मोजून खेळायची सुटसुटीत आवृत्ती आहे, तिच्यापासून वेगळं दाखवायला. शोधात 'क्लासिक' शब्द घातल्याबरोबर निम्मा कचरा गळाला.

नाव सोनूबाई

मग मी मोठ्या गटांत शिरलो. सदस्यसंख्या बघून हरखलो. रोज डझनावारी नव्या नोंदी, शेकडो बदाम आणि अंगठे. खेळाला नवी पालवी फुटलेलीच होती. २०१९ मध्ये 'क्लॅन इन्व्हेजन' संचासाठी किकस्टार्टर या लोकवर्गणीच्या संकेतस्थळावर २५ लाख डॉलरांहून जास्त जमले, २०२३ च्या 'मर्सिनरीज'ला ७५ लाखांच्या आसपास. इतके पैसे ओतणारे लोक आहेत, तर शनिवारी संध्याकाळी मला एक भिडू मिळणार नाही?

नाही मिळाला. मी लिहिलं: पुण्याहून आहे, नवीन आहे, मूळ नियम शिकायचे आहेत, ऑनलाइन कोणी खेळेल का? बारा बदाम मिळाले. एकाने लिहिलं, छान, भारतातून पाहून आनंद झाला. एकाने माझ्या यंत्रांना कोणता रंग देणार ते विचारलं. तिसऱ्याने चाळीस वर्षांच्या काल्पनिक राजकारणातला कोणता घराणेशाहीचा पक्ष मला आवडतो यावर मतचाचणी सुरू केली, आणि माझ्याच नोंदीखाली दोघेजण डेव्हियन घराणं बरं की कुरिता यावर तीन दिवस भांडले. खेळायला कोणी आलं नाही.

तेव्हा राग आला होता. आता वाटतं, चूक माझी होती. एकाच झेंड्याखाली निदान चार जमाती नांदतात. रंगारी, ज्यांना फासा हातात घ्यायचाच नसतो. वाचक, या विश्वात १०० हून जास्त कादंबऱ्या आहेत आणि काहींना तेवढंच पुरतं. संगणकावर 'मेकवॉरियर' मालिका खेळणारे. आणि टेबलावर खेळणारे. मोठ्या गटात पहिल्या तीन जमातींचा आवाज मोठा, कारण त्यांचं काम दाखवता येतं. रंगवलेल्या यंत्राचा फोटो टाकता येतो. झालेल्या लढाईचा काय टाकणार, पेन्सिलीने काळा केलेला तक्ता? गट 'सक्रिय' होताच, पण मला हवी ती क्रिया तिथे होत नव्हती. नाव सोनूबाई, हाती कथलाचा वाळा. अर्थात सोनूबाईचा दोष नाही; मीच सोनाराचं दुकान समजून शिरलो होतो.

रंगाऱ्यांबद्दल एक मात्र सांगायला हवं. पातळ रंगाचे दोन हात जाड रंगाच्या एका हातापेक्षा बरे, हे मी त्यांच्याकडूनच शिकलो. माझं 'लोकस्ट' नावाचं छोटं यंत्र आता ओळखू येतं.

अवजारांचा माग

पाचव्या महिन्यात दिशा बदलली ती योगायोगाने. भिडू मिळत नाही म्हणून मी 'मेगामेक' उतरवून घेतलं. जावा भाषेतला हा मोफत, मुक्त स्रोत कार्यक्रम या शतकाच्या सुरुवातीपासून स्वयंसेवक चालवत आहेत. बॅटलटेकचे जवळपास सगळे नियम त्यात आहेत. फासे तोच टाकतो, उष्णता तोच मोजतो, आणि समोर कोणी नसेल तर 'प्रिन्सेस' नावाचा यंत्रचलित खेळाडू उभा करतो. सोबत 'मेगामेकलॅब' हे यंत्रं रचण्याचं अवजार आणि 'मेकएचक्यू' हे भाडोत्री सैनिकांच्या तुकडीचा पगारापासून सुट्या भागांपर्यंत हिशेब ठेवणारं.

एका लढाईत प्रिन्सेसचं वागणं मला नियमाला सोडून वाटलं. माझं चुकतंय की कार्यक्रमाचं, हे बघायला मी त्यांच्या दोषनोंदींच्या वहीत गेलो. आणि तिथे मला पहिल्यांदा जिवंत माणसं दिसली.

त्या नोंदी बघण्यासारख्या असतात. कोणीतरी लिहितं: अमुक यंत्राने तमुक उंचीवरून उडी मारली तर उष्णता एकाने कमी मोजली जाते. उत्तर येतं: पुस्तकाच्या अमुक पानावर बघ, आणि त्याची दुरुस्तीपत्रिकाही बघ. तिसरा म्हणतो: काल रात्री आमच्या लढाईतही हेच झालं. 'काल रात्री आमच्या लढाईत'! पाच महिने मी हे चार शब्द शोधत होतो. कोणी फोटोसाठी उष्णतेचा एक अंश मोजत नाही. ज्याला तो एक अंश खुपतो तो खेळणारा माणूस असतो.

त्यानंतर माझी पद्धत उलटी झाली. लोक गप्पा कुठे मारतात हे बघणं सोडलं आणि त्यांची अवजारं कुठे परजली जातात ते बघू लागलो. या खेळाची अवजारं मोजकीच आहेत. 'मास्टर युनिट लिस्ट' ही अधिकृत सूची, ज्यात प्रत्येक यंत्राचं मोल आणि ते कोणत्या काळात कोणाकडे होतं हे मिळतं. 'फ्लेक्स शीट्स', ब्राउझरमध्येच भरता येणारे यंत्रांचे तक्ते. 'सार्ना' हा चाहत्यांनी उभारलेला ज्ञानकोश. कॅटलिस्टच्या मोफत दुरुस्तीपत्रिका. 'टेबलटॉप सिम्युलेटर' या संगणकावर पट मांडून देणाऱ्या कार्यक्रमासाठी लोकांनी बनवलेले नकाशे. प्रत्येक अवजाराच्या मागे ते वापरणाऱ्यांची एक खोली असते, बहुतेक वेळा डिस्कॉर्डवर, आणि तिचं आमंत्रण अवजाराच्याच पानाच्या तळाशी बारीक अक्षरात असतं. सदस्य कमी, पण येणारा प्रत्येकजण काहीतरी चालवणारा.

अधिकृत चर्चापीठाबद्दलही माझं मत इथे बदललं. वरवर बघता ते ओस वाटतं. पण त्यात नियमांच्या शंकांचा वेगळा विभाग आहे आणि तिथे अधिकाराने उत्तर मिळतं. गप्पांसाठी तिथे जाऊ नये. सीमारेषेवरच्या झाडीसारख्या भांडणाचा निकाल लावायला जावं. आधी शोधून मग विचारावं, एका नोंदीत एकच शंका, पान क्रमांकासह. ही शिस्त मला सुरुवातीला सरकारी कचेरीसारखी वाटली. पण त्या शिस्तीमुळेच जुने निकाल सापडतात.

घड्याळ

एखादी खोली जिवंत आहे की नाही हे मी तीन गोष्टींवरून ठरवू लागलो, आणि त्यातल्या दोन पटकन सांगून टाकतो. एक, नवख्याच्या बावळट प्रश्नाला उत्तर मिळतं का, आणि ते 'पुस्तक वाच' याच्या पुढे जातं का. दोन, तारीख आणि वेळ घालून ठरवलेल्या लढाया दिसतात का. 'कधीतरी खेळू' याला काही किंमत नाही.

तिसरी गोष्ट कोणी सांगत नाही, कारण सांगणारे बहुधा अमेरिकेत असतात: माझ्या जागेपणी तिथे कोण जागं आहे? हजार माणसांची अमेरिकी खोली माझ्या शनिवारी रात्री आठ वाजता सामसूम. न्यूयॉर्कला तेव्हा उन्हाळ्यात सकाळचे साडेदहा, शिकागोला साडेनऊ. ते लोक संध्याकाळी सातला जमले की माझी रविवारची पहाट झालेली असते. एकदा तसंही खेळून पाहिलं. पहाटे साडेपाचला फेरीमागून फेरी तिन्ही तोफा डागल्या, उष्णता मोजायला विसरलो आणि घरात दूधवाल्याने बेल मारली तेव्हा माझं यंत्र बंद पडून उभं होतं. बायको म्हणाली, "तूही जरा बंद पड."

युरोपचं गणित मात्र छान बसतं. पुण्यात रात्रीचे आठ म्हणजे उन्हाळ्यात लंडनला दुपारचे साडेतीन, बर्लिनला साडेचार. सुट्टीच्या दिवशी खेळायला बसायची हीच त्यांची वेळ. त्यात जर्मनीत या खेळाचं जुनं वेड. फॅनप्रो ही मूळ जर्मन कंपनीच, आणि आजही जर्मन आवृत्त्या निघतात. शे-सव्वाशे माणसांची युरोपी वेळेवर चालणारी एक खोली मला हजारांच्या अमेरिकी खोलीपेक्षा दसपट उपयोगी ठरली. पूर्वेकडे सिंगापूर आणि पर्थ अडीच तास पुढे. तिथल्यांशी आपली रविवारची दुपार जुळते.

पहिली लढाई

त्या छोट्या खोलीत मी पुन्हा तोच प्रश्न टाकला, पण शब्द बदलून. शनिवारची तारीख, भारतीय वेळ आणि त्याखाली मध्य युरोपी वेळ, मेगामेकची कोणती आवृत्ती, प्रत्येकी चार यंत्रं, ५,००० मोल, सुरुवातीच्या काळातली साधी हत्यारं, मी नवखा आहे, मला चुका दाखवा. पावणेदोन तासांत जर्मनीतल्या एकाने हो म्हटलं.

मोलाचा हिशेब इथे कामाला येतो. यात वजनाला महत्त्व नाही. प्रत्येक यंत्राला 'बॅटल व्हॅल्यू' असते आणि दोन्ही बाजूंची बेरीज सारखी ठेवायची. २० टनी 'लोकस्ट'चं मूळ रूप ४३२, तर 'ऑसम'चं १,६०५. अनोळखी माणसाशी खेळताना हा आकडा ठरला की अर्धी भांडणं जन्मालाच येत नाहीत.

मग भारतीय अडचण. मेगामेकमध्ये एकाने आपल्या संगणकावर खेळ उघडायचा आणि दुसऱ्याने त्याला जोडून घ्यायचं. मी उघडला, २३४६ क्रमांकाचं दार राउटरमध्ये मोकळं केलं, तरी त्याला शिरता येईना. आपल्याकडच्या अनेक घरगुती जोडण्यांना स्वतःचा सार्वजनिक पत्ताच नसतो. सेवा देणारा एकाच पत्त्यामागे कित्येक घरं बसवतो. चाळीत पोस्टाचा डबा सामायिक असावा तसं. बाहेरचा माणूस दार ठोठावणार कोणतं? उपाय सोपा निघाला: यजमानपद त्याने घेतलं, मी पाहुणा झालो. हे आधी माहीत असतं तर चाळीस मिनिटं आणि थोडी इज्जत वाचली असती. भारतातून खेळणाऱ्याने पहिल्याच निरोपात लिहून टाकावं की खेळ तुम्ही उघडा.

लढाई साडेतीन तास चालली आणि मी हरलो. पण प्रत्येक चुकीला त्याने थांबवलं. माझं 'लोकस्ट' बारा घरं पळू शकत असताना मी ते 'लपवून' दोनच घरं हलवलं, तेव्हा तो म्हणाला की हलक्या यंत्राचं चिलखत म्हणजे त्याचा वेग. उभं राहिलंस की मेलास. पुढच्याच फेरीत तसं झालं. 'ऑसम'चा तीन-तीन-दोनचा ठेका त्याच संध्याकाळी शिकलो. शेवटी त्याने विचारलं, पुढच्या शनिवारी?

ऑक्टोबरच्या अखेरीस एका रविवारी आमची चुकामूक झाली. त्या रविवारी युरोपची घड्याळं एक तास मागे जातात, आपली जात नाहीत. ठरल्या आठ वाजता मी हेडफोन लावून तयार आणि खोलीत चिटपाखरू नाही. मला वाटलं, कंटाळला असेल. तो बरोबर नऊला आला आणि मी का रुसलोय हे त्याला कळेना. तेव्हापासून आम्ही निरोपात दोन्ही शहरांची वेळ लिहितो.

जवळचे लोक

पुण्या-मुंबईत कोणी नाही का, हा प्रश्न मला नेहमी विचारला जातो. पटावरचे खेळ मांडणारे कॅफे आहेत, तिथे नियमित जाणारी हुशार पोरं आहेत, वॉरहॅमरवाले आहेत. पण बॅटलटेकचा माणूस असा वेगळा पाटी लावून बसत नाही. शिवाय यंत्रं मागवायची म्हणजे टपालखर्च, जकात आणि वाट बघणं. चार-पाच यंत्रांच्या पाकिटाची किंमत दारात येईस्तोवर ऐकवत नाही. यावर खेळातच एक पळवाट आहे जी मला फार आवडते: नियमांना यंत्राच्या मूर्तीशी कर्तव्य नाही. कोणत्या घरात आहे आणि तोंड कुठे आहे एवढं दिसलं की झालं. जाड पुठ्ठ्यावर चित्र चिकटवून, खाली बाटलीचं झाकण लावून अख्खी तुकडी उभी राहते. कॅटलिस्टने प्राथमिक नियम मोफत दिलेत. काही शुद्धतावादी नाक मुरडतात. त्यांच्याशी खेळू नये.

पहिला भारतीय भिडू मात्र मला भारतीय गटात सापडला नाही. जर्मन मित्राच्या खोलीत दोघांची लढाई चालू होती आणि मी बघत होतो. एका बाजूचा माणूस अस्खलित इंग्रजीत बोलत होता, नावही काल्पनिक, त्यामुळे अंदाज येण्याचं कारण नव्हतं. मध्येच त्याचा निरोप आला: 'करंट गेला, दहा मिनिटांत येतो.' विजेला 'करंट' म्हणणारा माणूस बर्लिनचा कसा असेल? लढाई संपल्यावर विचारलं. हैदराबादचा निघाला. तो दीड वर्ष तिथे होता, मी तीन महिने. दोघांनाही वाटत होतं, या खोलीत आपण एकटेच देशी. त्याच्या ओळखीचे बंगळूरला दोघे आहेत. तेही मोठ्या गटांत बारा बदाम घेऊन परत आलेले.

दिवाळीत तो कामानिमित्त पुण्याला आला होता. घरात पाहुणे, टेबल फराळाने अडलेलं, म्हणून आम्ही गॅलरीत सतरंजीवर नकाशा पसरला. खरे फासे, खरी पेन्सिल. मेगामेक नसल्यामुळे उष्णता मोजायला दोघेही दोनदा विसरलो आणि दोन्ही वेळा प्रामाणिकपणे मागे जाऊन मोजली. तिसऱ्या फेरीत माझ्या तोफेची नजररेषा बरोबर दोन घरांच्या सीमेवरून गेली. एका बाजूला झाडी. त्याने माझ्याकडे बघितलं, शांतपणे चकलीचा तुकडा मोडला आणि म्हणाला, "झाडी."